संथ केलेलं हसू

चहाचा घोट घशाखाली उतरायच्या आतच चंद्रहासला समोरच्या टीव्हीवर चंद्रहास दिसला आणि त्याला असा काही ठसका लागला की अर्धा चहा लुंगीवर सांडला. आता आपलाच चेहरा बघून माणसाने इतकं दचकायचं कारण नाही. रोज सकाळी दाढी करताना तो दिसतोच, एकोणसाठ वर्षांचा, गाल ओघळलेला, भुवयांत पांढरे केस आलेला. त्याच्याशी चंद्रहासचं काही भांडण नव्हतं. पण पडद्यावरचा हा कोण? काळी दाढी, डोक्यावर केसांचं नुसतं रान, हाडकुळा, सदऱ्याची दोन बटणं उघडी. पाण्याच्या टँकरच्या नळाखाली हात धुता धुता त्याने मान वळवली, थेट कॅमेऱ्यात पाहिलं आणि हळूहळू, अगदी हळूहळू त्याच्या चेहऱ्यावर हसू यायला लागलं. ते पुरतं यायच्या आतच चित्र बदललं. जुन्या मत्रहच्या धक्क्यावर गोणी उतरवणारे हमाल दिसू लागले आणि इंग्रज निवेदकाचा तो घोगरा, सुतकी आवाज पुढे बोलत राहिला. चंद्रहासने रिमोट शोधला. तो नेहमीप्रमाणे सोफ्याच्या फटीत होता. मग त्याला आठवलं की हे टीव्हीवर लागलेलं नाही, लॅपटॉपला वायर लावून आपणच लावलंय. त्याने लॅपटॉपवर मागे नेलं आणि पुन्हा पाहिलं. मग पुन्हा पाहिलं. शुक्रवारची सकाळ होती, खालच्या रस्त्यावर एकही गाडी नव्हती, आणि आखातातल्या अल् खुवैरच्या त्या फ्लॅटमध्ये त्याच्याशिवाय कोणी नव्हतं. "अरेच्चा," तो मोठ्याने म्हणाला. "हा तर मी."

लिंक अंतराने पाठवली होती. अंतरा म्हणजे त्याची मुलगी, एकुलती एक, लंडनमध्ये टीव्हीच्या कार्यक्रमांसाठी जुनी फिल्म शोधून देते. हेच तिचं काम. चंद्रहासला ते काम आधी कळायचं नाही. कोणी विचारलं की "मीडियात आहे" म्हणून तो मोकळा व्हायचा. मग एकदा तिने फोनवर नीट समजावून सांगितलं होतं. इंग्लंडात म्हणे पूर्वीच्या काळी कॅमेरा घेऊन माणसं जगभर फिरली, बातमीसाठी, कंपन्यांच्या जाहिरातींसाठी, आणि त्या सगळ्या रिळांची भली मोठी कोठारं तिथे आहेत. आता कोणालाही जुन्या काळावर कार्यक्रम करायचा असला की त्यातले तुकडे काढायचे, सेकंदाच्या हिशोबाने विकत घ्यायचे, आणि निवेदनाच्या खाली घालायचे. बऱ्याच तुकड्यांना आवाजच नसतो. मग वारा, पाखरं, यंत्रांची घरघर, जे शोभेल ते वरून घालायचं. "म्हणजे शिळ्या भाताला फोडणी," चंद्रहास तेव्हा म्हणाला होता, आणि ती हसली होती. फार वेळा हसत नाही ती त्याच्याशी बोलताना. हा कार्यक्रम होता आखातात इंग्रज कंपन्यांनी बांधलेल्या कारखान्यांवर आणि बंदरांवर, आदल्या रात्री तिकडे दाखवला गेला होता, आणि शेवटी नावांच्या यादीत पहिल्यांदाच तिचं नाव स्वतंत्र ओळीत येणार होतं. त्या एका ओळीसाठी चंद्रहास सकाळी आंघोळ करून बसला होता. ती ओळ आली. त्याने फोनवर तिचा फोटोही काढला. पण छाती फुगायची ती काही फुगली नाही. त्याच्या डोक्यात एकच गोष्ट वळवळायला लागली होती. हा तुकडा तिने शोधला, निवडला, दहा वेळा पाहिला असेल. आणि ओळखलं नाही.

ओळखायला हवं होतं का? तो स्वतःलाच समजावू लागला. दाढी होती ना. तेव्हा तो सोहारला कंपनीच्या साइटवर इंजिनियर होता, तिथे सगळेच दाढी वाढवायचे, आणि सुट्टीवर घरी निघायच्या आधी कॅम्पच्या न्हाव्याकडे रांग लागायची. पुण्याला उतरणारा चंद्रहास तुळतुळीत, पावडर लावलेला, नव्या शर्टातला. दाढीतला माणूस अंतराने कधी पाहिलाच नाही. बरं, फोटोत तरी पाहावा, तर तेही नाही. पहिल्याच वर्षी त्याने मत्रहच्या बाजारातून जपानी कॅमेरा घेतला होता, आणि सुट्टीत गेला की महिनाभर तो गळ्यातच असायचा. अंतराचा वाढदिवस, अंतराचं गॅदरिंग, सिंहगडावर दही खाताना रेखा आणि अंतरा, पर्वतीच्या पायऱ्यांवर रेखा आणि अंतरा. घरात सात अल्बम आहेत, आणि सातही अल्बमांत चंद्रहास शोधायचा म्हटला तर एका फोटोत जमिनीवर पडलेली त्याची सावली सापडेल. रेखा म्हणायची, "अहो, द्या ना तो कॅमेरा शेजारच्या विद्याताईंकडे, एक तरी आपल्या तिघांचा येऊ द्या." तर हा म्हणायचा, त्यांना फोकस जमत नाही. आज रेखा असती तर तिने क्षणात ओळखलं असतं. ती जाऊन सहा वर्षं झाली.

फोन लावावा आणि सांगून टाकावं, असं त्याला एकदम वाटलं. अगं वेडे, तो मी! नुसत्या कल्पनेनेच त्याला लहान मुलासारखा आनंद झाला. ती किंचाळेल. ऑफिसातल्या सगळ्यांना ओरडून सांगेल. मग तिथले गोरे लोक जमतील, आणि कदाचित ती रडेल, आणि मग तीस-बत्तीस वर्षांत दोघांमध्ये जे काही बोलायचं राहिलं ते आपोआप... त्याने फोन उचलला आणि ठेवला. तिथे सकाळचे सहा वाजले असतील. शिवाय दुपारी जेवायच्या सुट्टीत ती स्वतःच फोन करणार होती. आणि खरं सांगायचं तर चंद्रहासला एक साक्षीदार हवा होता. उगाच म्हातारपणी भास व्हायचा आणि पोरीपुढे फजिती व्हायची. दुपारपर्यंत त्याने कसाबसा दम धरला, मग लॅपटॉप पिशवीत घातला आणि गाडी काढली.

साक्षीदार एकच होता, रशीद. दापोलीकडच्या खाडीवरचा, सोहारच्या कॅम्पात चंद्रहासच्या शेजारच्या खाटेवर चार वर्षं झोपलेला, तेव्हा क्रेन चालवायचा. आता अल् हैलला राहतो, बोटींच्या इंजिनांच्या सुट्या भागांचं दुकान आहे. जुम्म्याची नमाज करून तो नुकताच परतला होता. लॅपटॉप समोर ठेवला तेव्हा त्याने चष्मा कपाळावर चढवला, स्क्रीनला नाक लावलं, आणि पुढच्याच क्षणाला मांडीवर थाप मारली. "खलास! अरे हा तूच रे! आणि हा बघ, हा हात, घड्याळवाला, हा माझा. कापला मला साल्यांनी, नुसता हात ठेवला." त्याची बायको अमीरुन्निसा स्वयंपाकघरातून माशाच्या हातानेच बाहेर आली. तिने पाहिलं, पदराने तोंड झाकून हसली, आणि म्हणाली, "भाऊ, किती बारीक होता हो तुम्ही. पण असे रडके का दिसता?" चंद्रहासला तेच विचारायचं होतं. पडद्यावरचा तो चेहरा हसतोय खरा, पण बघणाऱ्याला कीव यावी असं ते हसू आहे. मागे वाऱ्याचा भणाणता आवाज आणि कुठलंतरी एकटं तंतुवाद्य. निवेदक म्हणतोय, ही माणसं इथे होती पण त्यांचा जीव घरी होता, आपल्या मुलांचे चेहरे विसरू नयेत म्हणून ती रोज संध्याकाळी धडपडत. "वारा कुठला?" रशीद भडकला. "तिकडे जनरेटर होता, हत्तीएवढा. कान बहिरे व्हायचे. आणि हा रडतोय कशाला, हा तर खो-खो हसत होता! तुला आठवत नाय? इंग्रज आलेला कॅमेरा घेऊन, तो दिवस कुठला होता? क्वार्टरचा ना!"

आणि मग रशीदने, गरम भात आणि बांगड्याचं कालवण पुढ्यात ठेवून, मोठ्या उत्साहाने तो दिवस सांगितला. चंद्रहासला तो न सांगताही आठवला होता, रशीदने "क्वार्टर" म्हणताक्षणीच. कंपनीने कुटुंबवाल्यांसाठी काही घरं बांधली होती, आणि एक चंद्रहासच्या वाट्याला आलं होतं. दोन खोल्या, न्हाणीघर, मागे अंगण. बायको-मुलीला आणायची परवानगी साहेबाने सही करून दिली होती. चंद्रहास म्हणाला, नको. घर एका मद्रासी अकाउंटंटला मिळालं, त्याने खुशीत सगळ्यांना संध्याकाळी जेवायला बोलावलं, आणि टँकरवर हात धुताना रशीद मागून ओरडला, "यल्ला, ब्रह्मचारी! बायकोपासून वाचलास, चल आता बिर्याणी खा!" चंद्रहास वळला. समोर इंग्रज होता. "कसला हसलास तेव्हा," रशीद म्हणाला. "दात दिसत होते बत्तीसच्या बत्तीस. हे लोक चोर आहेत, ते दात कुठे गेले?" अमीरुन्निसा हसत नव्हती. ती भात वाढता वाढता थांबली. "मला नव्हतं हे ठाऊक, भाऊ," ती म्हणाली. "रेखाभाभी तर मला फोनवर म्हणायच्या, कंपनी क्वार्टर देत नाय." चंद्रहास म्हणाला, "जुनी गोष्ट आहे हो, वहिनी." ती पुन्हा भात वाढू लागली. तिने मत्रहला एका खोलीत, पत्र्याच्या छपराखाली तीन पोरं वाढवली होती, ओवेस, सिदरा आणि तूबा. उन्हाळ्यात ती त्यांना ओल्या चादरीत गुंडाळून झोपवायची, असं रशीद नेहमी अभिमानाने सांगायचा. त्यांच्यातली सिदरा आता तिथेच डॉक्टर होती, आणि अजूनही बापाच्या ताटातला मासा न विचारता उचलायची. त्या दिवशीही तिने येऊन उचलला.

परत येताना हायवेवर चंद्रहासची गाडी इतकी हळू चालली होती की मागचे लोक दिवे दाखवत होते. का म्हणालो नको? तो विचारत होता, आणि उत्तर त्याला पाठ होतं. पैसे साठतील. पुण्यातली शाळा चांगली. आईचं कोण बघणार. हे सगळं खरंच होतं, त्यात एक शब्द खोटा नव्हता, आणि तरीही त्या दिवशी त्यातलं काहीच त्याच्या मनात नव्हतं. त्याच्या मनात होतं पुण्यातलं दीड खोल्यांचं घर, दाराआड वाळणारी लंगोटांची दोरी, आई आणि रेखा यांच्यातलं ते धुमसणं, आणि रात्रभर रडणारं एक तान्हं पोर, ज्याला उचललं की ते जास्तच रडायचं. आणि इथे काय होतं? इथे समुद्र होता. शुक्रवारी कंपनीची जीप मिळायची. रशीद किनाऱ्यावर विस्तव करून मासे भाजायचा, कोणीतरी पत्ते काढायचं, आणि चंद्रहासला जन्मात पहिल्यांदा कोणी काही विचारत नव्हतं. अठ्ठावीस वर्षांचा होता तो. त्याला मजा येत होती हो! ही एवढी साधी गोष्ट, पण ती कुणाला सांगायची? बायकोला? सुट्टीत गेला तेव्हा तिने विचारलं होतं, पोळ्या लाटता लाटता, वर न बघता, "क्वार्टरचं काही झालं का?" आणि तो म्हणाला होता, "कसलं गं, इंजिनियरना नाही देत ते." तिने पुढची पोळी लाटायला घेतली. पुन्हा कधी विचारलं नाही. पुढे आई गेली, मोठं घर झालं, आणायची ऐपतही आली, पण तोवर अंतराची दहावी आली, मग बारावी आली, मग ती परदेशी गेली. आईला ती "अगं आई" म्हणायची, आणि त्याला "अहो बाबा". पाहुण्याला म्हणावं तसं. लहानपणी एकदा तो आल्यावर तिने रेखाला आत जाऊन विचारलेलं त्याने स्वतःच्या कानांनी ऐकलं होतं, हे किती दिवस राहणार आहेत? तेव्हा सगळे हसले होते. तोही हसला होता.

पण मग सांगायचं काय तिला? तो मी, इतकंच सांगून भागणार नाही. पहिला आनंद ओसरला की ती विचारणारच, कामच आहे तिचं, कुठली जागा, कुठला दिवस, काय चाललं होतं. आणि समजा थाप मारली, तरी रशीद आहे, अमीरुन्निसा आहे. त्यातून अमीरुन्निसाच्या तोंडावर ती भात वाढताना जे काही आलं होतं ते अंतराच्या तोंडावर आलं तर? नको. आणि तरीही, सांगायचं नाही म्हटलं की त्याच्या जिवाची तगमग व्हायची. तो एवढासा तुकडा सोडला तर तरुण चंद्रहास जगात कुठेच नाही. कुणा परक्या इंग्रजाने तो टिपला, कुठल्या कोठारात तो इतकी वर्षं पडून राहिला, आणि लाखो फुटांच्या फिल्ममधून नेमका त्याच्या पोरीच्या हाताला लागला. हे काय दोनदा घडतं? अल् खुवैरला पोचेपर्यंत त्याने ठरवून टाकलं. सांगायचं. सगळं सांगायचं. शिव्या देईल, महिनाभर बोलणार नाही, पण निदान माहीत तरी होईल की बाप कसा होता. गाडी लावून वर आला आणि किल्ली फिरवत असतानाच फोन वाजला.

"बाबा, पाहिला का? कसा वाटला?" अंतराच्या आवाजात धाप होती, ती रस्त्याने चालत असावी. चंद्रहास म्हणाला, छान झालाय, तुझं नाव पाहिलं, फोटो काढलाय. "ते जाऊ द्या. खरं सांगा. तुम्ही तिथलेच ना, तुम्हाला खोटं वाटलं का कुठे?" त्याने पिशवी खाली ठेवली. तो म्हणाला, "तो एक माणूस आहे. टँकरवर हात धुणारा." पलीकडे ती थबकली. गाड्यांचा आवाज आला, मग एखाद्या दारात शिरावी तसा तो कमी झाला. "तुम्हाला पण तोच लागला?" ती म्हणाली. "बाबा, मी त्याच्यासाठी भांडलेय. एडिटर काढून टाकत होता. म्हणाला, फिल्म खराब आहे आणि जेमतेम दोन सेकंद आहे. मी म्हटलं, संथ करू, लांबवू. पण एक गोष्ट सांगू? मला ती खातेय. ओरिजिनलमध्ये तो असा नाही हसत. तो जोरात हसतो. म्हणजे अगदी खदखदून. ते कॉमेंट्रीवर बसत नव्हतं, म्हणून मी हसू फुटायच्या आत कापलं आणि संथ केलं. संथ केलं की कुठलंही हसू उदास दिसतं, ती आमची ट्रिकच आहे. पण मग झोपताना वाटत राहिलं की मी त्या माणसावर खोटं लादलं का? त्याला समजा काही आठवण-बिठवण येत नसेल तर? मजेत असेल तर?"

चंद्रहासने आत येऊन दार लावलं. तो दाराला टेकून उभा होता. आता, असं त्याला वाटलं. आता म्हण. पण अंतराच बोलत सुटली, आणि असं ती त्याच्याशी कधी बोलली नव्हती. "तुम्ही हसाल, पण मी त्याला रोज बघायचे. कामाची गरज नसली तरी. तो मान वळवतो ना, मला वाटायचं, कोणीतरी ह्याला घरून हाक मारलीय. लहानपणी मला वाटायचं तुम्ही तिकडे काय करत असाल, आणि मला चित्रच यायचं नाही डोळ्यांपुढे. आई सांगायची, बाबा तुझी आठवण काढतात, पण म्हणजे कशी काढतात? बसून? उभे राहून? ह्याला बघितल्यावर मला पहिल्यांदा चित्र मिळालं. की अशी काढत असतील. हात धुता धुता." ती थोडी हसली, स्वतःलाच. "म्हणून विचारते. मी चुकीचं नाही ना केलं?"

"नाही," चंद्रहास म्हणाला. त्याचा आवाज त्यालाच ओळखू आला नाही. "बरोबर केलंस. तो काढायचा आठवण."

"म्हणजे? तुम्ही ओळखत होतात त्याला?" ती ओरडलीच. "बाबा! खरंच? तुमच्याच साइटवर होता, असं?"

"होता. आमच्याच कॅम्पात."

"आणि कसा होता?"

चंद्रहासने डोळे मिटले. "साधा होता गं. चारचौघांसारखा. वरून हसायचा खूप, पण... घरची आठवण काढायचा रोज. त्याला आणायचं होतं घरच्यांना. क्वार्टर मिळालं नाही."

पलीकडे तिने नाक ओढलं. "थँक यू, बाबा," ती म्हणाली. "तुम्हाला माहीत नाही मला किती बरं वाटलं ते." चंद्रहास तिथेच चपला काढतात त्या स्टुलावर बसला. त्याच्या लेकीला कोणीतरी बाप मिळाला होता, रोज आठवण काढणारा, हात धुता धुता घराकडे वळून बघणारा, आणि तो त्याच्याहून पुष्कळच चांगला होता. त्या माणसाला हात लावायची चंद्रहासची छाती झाली नाही. "नाव काय त्याचं?" अंतरा आता भराभर विचारत होती, पेन शोधत असावी. "तिथे रेकॉर्डला नाव लावता येतं, कोणी ओळखलं तर. सांगा ना."

"नाव..." तो म्हणाला. "नाही आठवत गं."

"असं काय करता? आठवा ना. आडनाव तरी? बायका-मुलं होती ना त्याला?"

"एक मुलगी होती."

"मग तिला तर कळवायलाच हवं, बाबा. तिच्याकडे कदाचित एक फोटोसुद्धा नसेल त्याचा."

"हो," चंद्रहास म्हणाला. "आठवलं की फोन करतो."